गॉडझिला हलकाफुलका झाला तो सेकिझावामुळे, आणि म्हणूनच तो टिकला

पडद्यामागे

जपानच्या तोहो स्टुडिओच्या राक्षसपटांचा विषय निघाला की चार नावं हमखास येतात. दिग्दर्शक इशिरो होंडा, स्पेशल इफेक्ट्सचा एइजी त्सुबुराया, निर्माता तोमोयुकी तानाका आणि संगीतकार अकिरा इफुकुबे. पटकथाकाराची वेळ आली की मंडळी १९५४च्या 'गोजिरा'कडे, म्हणजे पहिल्या गॉडझिलापटाकडे वळतात (कथा शिगेरु कायामाची, पटकथा ताकेओ मुराता आणि होंडाची) आणि तिथेच थांबतात. पण साठच्या दशकात जगभर पोचलेला गॉडझिला बहुतांशी एकाच माणसाच्या लेखणीतून उतरलाय: शिनिची सेकिझावा.

यादीच बघा. 'बारान' १९५८, 'मोथ्रा' १९६१, 'किंग काँग विरुद्ध गॉडझिला' १९६२, 'अ‍ॅट्रॅगॉन' १९६३. मग १९६४ या एकाच सालात 'मोथ्रा विरुद्ध गॉडझिला', 'दोगोरा' आणि 'गिडोरा'. १९६५ला 'अ‍ॅस्ट्रो-मॉन्स्टर', १९६६ला 'एबिरा', १९६७ला 'सन ऑफ गॉडझिला'. याच काळात दिग्दर्शक किहाची ओकामोतोसाठी त्याने गुन्हेगारीपट आणि युद्धपटही लिहिले. शिवाय तोएई स्टुडिओचा 'गलिव्हर'वरचा ॲनिमेशनपट. एवढा रतीब घालूनही पटकथांची घडी विस्कटलेली दिसत नाही, हे मला महत्त्वाचं वाटतं.

त्याच्यावरचा नेहमीचा आरोप असा की अणुबॉम्बच्या जखमेतून जन्मलेल्या राक्षसाला त्याने पोरखेळ करून टाकलं. मला हे अजिबात पटत नाही. सेकिझावाने राक्षसाचा अर्थ काढून टाकला नाही, त्याने खलनायक बदलला. बॉम्बच्या जागी बाजार आणला.

'मोथ्रा' या महाकाय पतंगाच्या चित्रपटाचंच उदाहरण घ्या. मूळ कथा शिनइचिरो नाकामुरा, ताकेहिको फुकुनागा आणि योशिए होत्ता या तीन साहित्यिकांनी मिळून लिहिलेली, १९६१च्या जानेवारीत छापून आलेली. त्यात इवल्याशा पऱ्या चार होत्या. सेकिझावाने दोन ठेवल्या. मग 'द पीनट्स' या जुळ्या गायिकांना घेणं सोपं झालं, आणि दोघींनी एका सुरात बोलायची लकबही मिळाली. मूळ कथेत मोथ्रा संसदभवनावर कोश विणते. १९६०च्या अमेरिका-जपान सुरक्षा कराराविरुद्धच्या आंदोलनाची ती थेट आठवण होती. पटकथेत कोश टोकियो टॉवरवर गेला, जो तेव्हा जेमतेम अडीच वर्षांचा होता. आता कुणी म्हणेल, राजकारण गाळलं. पण राजकारण गेलं कुठे? ते नेल्सन या पात्रात आहे. तो रोलिसिका नावाच्या बड्या देशाचा पासपोर्ट खिशात घालून बेटावरून पऱ्या पळवतो, तिकीट लावून त्यांचा खेळ करतो, आणि त्याचा देश बराच काळ त्याला पाठीशी घालतो. रशिया आणि अमेरिका एकत्र कालवून केलेलं ते नाव कुणाला कळलं नसेल?

चर्चा व्हावी. विरोधी मतांचं स्वागत, फक्त 'राक्षसाचा सूट घातलेला माणूस' छाप विनोद नकोत.

मध्यांतर

पडद्यामागे, तुमची यादी बरोबर आहे, निष्कर्ष साफ अमान्य.

तोहोकडे त्याच वेळी दुसरा पटकथाकार होता, आणि तो सेकिझावापेक्षा सरस होता. ताकेशी किमुरा. 'रोडान' (१९५६, मुरातासोबत), 'मिस्टेरियन्स' (१९५७), 'एच-मॅन' (१९५८), 'ह्युमन व्हेपर' (१९६०), 'गोराथ' (१९६२), 'मातांगो' (१९६३). कम्युनिस्ट पक्षाचा माणूस, आणि ते प्रत्येक पटकथेत जाणवतं. पण घोषणा म्हणून नाही, माणसं एकमेकांशी कशी वागतात त्यातून.

'रोडान'ची सुरुवात बघा. क्युशूमधली कोळशाची खाण. दोन खाणकामगारांचं भांडण, मग खाणीत पाणी शिरतं, कापलेलं प्रेत सापडतं. संशय बेपत्ता असलेल्या गोरोवर. त्याची बहीण नायकाची वाग्दत्त वधू, आणि मेलेल्यांच्या बायका तिच्या दारात येऊन तिला बोल लावतात. जवळपास अर्धा चित्रपट होईपर्यंत रोडान हा उडणारा राक्षस दिसत नाही. तोवर ही सरळसरळ खाणवस्तीतल्या खुनाची गोष्ट असते. म्हणून खरा प्रकार उलगडतो तेव्हा तो अंगावर येतो. सेकिझावाच्या एकाही पटकथेत वस्ती अशी उभी राहत नाही. त्याच्याकडे एक पत्रकार, एक फोटोग्राफर आणि एक प्राध्यापक एवढं त्रिकूट असतं, आणि ते चित्रपट बदलला तरी बदलत नाही.

आणि 'मातांगो'! विल्यम होप हॉजसनच्या गोष्टीवरून मासामी फुकुशिमा आणि शिनइची होशी यांनी कथा बेतली, पटकथा किमुराची. नौकाविहाराला निघालेली सात माणसं निर्जन बेटावर अडकतात. खायला जवळजवळ काही नाही, आहेत ती अळंबी, आणि ती खाल्ली की माणूस स्वतः अळंबी होतो. पण खरी भीती अळंब्यांची नाहीच. खलाशी कोयामाला कासवाची अंडी सापडतात आणि तो ती कंपनीचा मालक कासाईला पैसे घेऊन विकतो. निर्जन बेटावर! नोटांचा तिथे काडीचा उपयोग नाही, तरी एक विकतो आणि दुसरा विकत घेतो. तुम्ही सेकिझावाच्या 'बाजारा'चं कौतुक करताय. बाजार माणसाच्या हाडात किती मुरलाय, हे दाखवायला किमुराला टोकियो टॉवर लागला नाही.

१९६५पासून हाच माणूस काओरु माबुची या टोपणनावाने लिहू लागला, आणि बहुतेक कामं ठरवून दिलेल्या राक्षसांची. असा लेखक बाजूला पडला, कारण स्टुडिओला सेकिझावाची हसरी मात्रा लागू पडली होती. म्हणजे तुमच्या शीर्षकातला 'टिकला' हा शब्द बरोबर आहे, पण काय देऊन टिकला?

खिडकीतिकीट

मध्यांतर यांच्याशी सहमत. शिवाय 'गिडोरा'मध्ये गिडोरा या तीन डोक्यांच्या राक्षसाशी लढायचं का, यावर गॉडझिला, रोडान आणि मोथ्रा यांची बैठक भरते, आणि पऱ्या दुभाषी होऊन सांगतात की गॉडझिला म्हणतोय, माणसांनी आम्हाला नेहमी छळलंय, आम्ही का मदत करू. दहा वर्षांपूर्वी ज्याने टोकियो जाळलं तो आता रुसलेला मामा झालाय. याला उत्क्रांती म्हणायचं?

पडद्यामागे

@मध्यांतर, किमुरा मोठा लेखक होता यावर वाद नाहीच. पण 'सरस' कशात, हे ठरवल्याशिवाय ताजवा उचलू नका. किमुराच्या पटकथा एका आजाराच्या आहेत: कोणीतरी विरघळतो, वायू होतो, अळंबी होतो. त्या पद्धतीने 'राक्षस एक विरुद्ध राक्षस दोन' लिहून दाखवा. त्याने स्वतः होंडाबरोबर 'डिस्ट्रॉय ऑल मॉन्स्टर्स' (१९६८) लिहिला. अकरा राक्षस आहेत, आणि लक्षात राहील असं माणूस एकही नाही. अवकाशयानाचा कप्तान आहे, त्याच्या जागी दुसरा कुणी ठेवला तरी काही बिघडत नाही.

दोन राक्षसांच्या चित्रपटात पटकथाकारापुढची खरी अडचण अशी असते: राक्षसांचं कथानक आणि माणसांचं कथानक समांतर रुळांवर धावतात. माणसं गच्चीवर उभी राहून दुर्बिणीतून बघत बसतात. दोन्ही रूळ कुठेतरी जोडायचे कसे? सेकिझावाने यावर काढलेली तोड म्हणजे पहिल्या वीस-पंचवीस मिनिटांत पेरलेली एक क्षुल्लक वस्तू.

'किंग काँग विरुद्ध गॉडझिला'त नायकाच्या बहिणीचा मित्र फुजिता दोऱ्याइतकी बारीक पण पोलादापेक्षा चिवट तार तयार करतो. प्रसंग घरगुती थट्टेचा आहे, भावाला हा पोरगा पसंत नाही. प्रेक्षक तार विसरून जातो. शेवटी बेशुद्ध काँगला फुग्यांना बांधून उडवत नेतात ते याच तारेने. पोरगा भावाच्या पसंतीला उतरतो आणि राक्षसही हलतो, एकाच वस्तूत दोन्ही कामं.

'अ‍ॅस्ट्रो-मॉन्स्टर'मध्ये हे आणखी घट्ट आहे. तेत्सुओ नावाचा बावळट संशोधक बायकांच्या पर्समध्ये ठेवायचा भोंगा बनवतो. आवाज इतका कर्कश की कुणालाच नको असतो. एक कंपनी मात्र पेटंट विकत घेते आणि वस्तू बाजारात आणतच नाही. का, तर ती कंपनी परग्रहवासीयांची आहे आणि तो आवाज त्यांना सहन होत नाही. हे कळतं ते परग्रहावरच्या नामिकावाने अंतराळवीर ग्लेनला चोरून दिलेल्या चिठ्ठीतून. म्हणजे प्रेमकथा, नोकरीची कटकट, होणाऱ्या मेव्हण्याचा राग आणि पृथ्वीचं रक्षण, चौघांची गाठ एका भोंग्यात. पेटंट विकत घेऊन दाबून ठेवणं ही तर उद्योगजगतातली जुनी चाल. पोरखेळ म्हणता तो असा असतो.

@खिडकीतिकीट, त्या बैठकीकडे पुन्हा बघा. राक्षसांचं म्हणणं खोडून काढणारं एकही वाक्य पटकथेत नाही. शेवटी अळीरूपातली मोथ्रा एकटीच लढायला निघते, तिला मार बसताना बघून बाकीचे दोघे येतात. युक्तिवाद हरतो आणि कृती जिंकते. आणि त्या पऱ्या टोकियोत कशा आल्या? टीव्हीवरच्या 'त्या व्यक्ती सध्या काय करतात' छाप कार्यक्रमात मुलांनी फर्माईश केली म्हणून. एका मिनिटात पात्रं बेटावरून राजधानीत, वर टीव्हीची टिंगलही.

रिळवाला

दोन्ही बाजू पटकथाकाराला चित्रपटाचा मालक समजून भांडताहेत. तोहोत काम कसं चालायचं ते आधी बघू.

जपानी पटकथा त्या काळी दोनशे चौकोनांच्या अर्ध्या तावावर लिहिली जायची, एका चौकोनात एक अक्षर. ढोबळ हिशेब असा: असे दोन अर्धे ताव, म्हणजे चारशे अक्षरं, पडद्यावर एक मिनिट. दीड तासाच्या चित्रपटाला साधारण १८० अर्धे ताव. पण राक्षसपटात हा हिशेब कोलमडतो. 'दोन राक्षस भिडतात' ही एक ओळ पडद्यावर चार मिनिटं चालू शकते, कारण तो भाग त्सुबुरायाची तुकडी स्वतःच्या चित्रचौकटी काढून वेगळ्या स्टेजवर चित्रित करत असे. होंडाची तुकडी नटांची, त्सुबुरायाची तुकडी सूट आणि मिनिएचरची. त्यामुळे पटकथाकाराच्या हातात खऱ्या अर्थाने उरायचा तो माणसांचा भाग, आणि दोन्ही तुकड्यांना सांधणारे प्रसंग.

टप्पे पण लक्षात घ्या. आधी निर्मात्याचा प्रस्ताव, मग कथासार, मग प्रत्येक प्रसंगाच्या चौकटी मांडलेला आराखडा, मग चर्चेसाठीचा मसुदा, तयारीचा मसुदा आणि शेवटी अंतिम मसुदा. प्रत्येक टप्प्यावर खर्चाची कात्री. कथाही बऱ्याचदा आयती मिळायची: 'बारान'ची कथा केन कुरोनुमाची, 'दोगोरा'ची जोजिरो ओकामीची. 'बारान' तर मुळात अमेरिकन टीव्हीसाठी तुकड्यांत दाखवायचा म्हणून सुरू झाला. अमेरिकन भागीदार मागे हटला आणि त्याचा थिएटरचा चित्रपट केला गेला. तुकड्यांसाठी बेतलेली गोष्ट सलग जोडली की मध्ये ती का रेंगाळते, याचं उत्तर तिथे आहे. लेखकाला शिव्या देऊन उपयोग नाही.

'मोथ्रा'चा शेवट क्युशूतल्या डोंगरावर व्हायचा होता. अमेरिकन वितरक कोलंबियाबरोबरच्या करारात शेवट परदेशी शहरात हवा होता, म्हणून 'न्यू कर्क सिटी' नावाचं नकली शहर उभं राहिलं. म्हणजे खलनायकाच्या देशात जाऊन तिथे नासधूस, हा शेवट वितरकाच्या आग्रहाने आला. त्यात सेकिझावाची राजकीय दृष्टी शोधणाऱ्यांनी जरा जपून.

किमुराचंही तसंच. 'गोराथ'मध्ये पृथ्वीच्या वाटेत येणाऱ्या ताऱ्यापासून वाचायला दक्षिण ध्रुवावर प्रचंड ज्वालायंत्रं बसवून अख्खी पृथ्वी चार लाख किलोमीटर सरकवतात. भन्नाट कल्पना, आणि त्यात राक्षसाची गरजच नाही. तरी वरून राक्षस हवा असा हट्ट झाला, म्हणून वॉलरससारखा मागुमा येतो, काही मिनिटं हुंदडतो आणि मरतो. अमेरिकन आवृत्तीत तो चक्क कापला, आणि गोष्टीला ओरखडाही आला नाही.

मध्यांतर

रिळवाला यांचा प्रतिसाद आवडला, पण त्यामुळे माझाच मुद्दा पक्का होतो. वरून मागुमा लादला तरी 'गोराथ' उभा राहतो, कारण किमुराने खालची चौकट मजबूत केलेली. आता सेकिझावाच्या पटकथेवर तोच प्रयोग करू.

'एबिरा'. हा मुळात किंग काँगसाठी लिहिलेला. अमेरिकेतल्या रँकिन-बास कंपनीने पटकथा नाकारली, तर तोहोने काँग काढला आणि त्या जागी गॉडझिला बसवला. परिणाम बघा. गॉडझिला गुहेत झोपलाय आणि वीज पडल्यावर उठतो. विजेने ताकद मिळणं ही १९६२पासून काँगची खूण, गॉडझिलाला तर विजेच्या तारांनी अडवायचे. मग तो बेटावरच्या मुलीकडे टक लावून बसतो, तेही काँगचंच वागणं. राक्षस बदलला आणि गोष्टीत एक स्वल्पविरामही हलला नाही, तर त्या गोष्टीत राक्षस कोण होता याला काही अर्थच नव्हता. हीच सेकिझावाची मर्यादा. त्याचे राक्षस म्हणजे खेळातल्या सोंगट्या.

पुढचं तर सांगायलाच नको. १९६९चा 'ऑल मॉन्स्टर्स अटॅक' ७० मिनिटांचा, त्यातल्या राक्षसांच्या मारामाऱ्या बऱ्याचशा 'एबिरा' आणि 'सन ऑफ गॉडझिला'मधून उचललेल्या. १९७२च्या 'गायगन'मध्ये जुन्या चित्रपटांचे तुकडे एवढे की रात्रीचा प्रसंग मध्येच दिवसाचा होतो, आणि गॉडझिला व त्याचा साथीदार राक्षस अँगिरस यांचं बोलणं कॉमिकसारख्या फुग्यांत लिहून येतं. १९७३ आणि १९७४ला तर नावापुरती कथा, पटकथा दुसऱ्यांची. ही कारकीर्द टिकली नाही, विरत गेली.

पडद्यामागे

'एबिरा'बद्दल मान्य. ती अदलाबदल उघडी पडते. फक्त अदलाबदल लेखकाने केली नव्हती.

'ऑल मॉन्स्टर्स अटॅक'बद्दल मात्र बिलकुल नाही. तुम्ही तो जुन्या फुटेजचा ढीग म्हणून निकालात काढताय, आणि मला तो सेकिझावाच्या कसबाचा सगळ्यात स्पष्ट पुरावा वाटतो.

परिस्थिती बघा. जपानमध्ये १९५८ला वर्षभरात सुमारे ११२ कोटी सिनेतिकिटं खपली. १९६३पर्यंत आकडा निम्म्याच्याही खाली. टीव्ही घरोघरी पोचला, त्यावर दर आठवड्याला राक्षस फुकट दिसू लागले. 'किंग काँग विरुद्ध गॉडझिला'ची एक कोटीहून जास्त तिकिटं गेली होती. 'अ‍ॅस्ट्रो-मॉन्स्टर' चाळीस लाखांच्या आत आला, आणि १९६९चा हा चित्रपट पंधरा लाखांच्या आत. तोहोने त्याच डिसेंबरात 'चॅम्पियन मात्सुरी' सुरू केली: शाळेच्या सुट्ट्यांत पोरांसाठी कार्टून आणि जुन्या राक्षसपटांसोबत एक जोडखेळ. त्सुबुरायाचं नाव श्रेयनामावलीत आहे, पण इफेक्ट्सचं दिग्दर्शन होंडालाच करावं लागलं. जानेवारी १९७०मध्ये त्सुबुराया वारला.

म्हणजे लेखकाला मिळालेला कच्चा माल असा: दोन जुन्या चित्रपटांचं बेटावरचं फुटेज, नवा सूट जेमतेम एक, सव्वा तासाच्या आतली लांबी आणि प्रेक्षक आठ वर्षांचा. आता 'गॉडझिला पुन्हा बेटावर लढतो' असं सरळ लिहिलं तर कुणाच्याही लक्षात येईल की हे आपण पाहिलंय. सेकिझावाने काय केलं? इचिरो हा पोरगा ठेवला. कावासाकीतल्या कारखान्यांच्या धुरात राहणारा, आईबाप दोघंही कामावर, गळ्यात घराची किल्ली. तो राक्षसांच्या बेटाचं *स्वप्न* बघतो. अहो, ज्या पोराने हे चित्रपट पाहिलेत त्याच्या स्वप्नात त्याच चित्रपटांची दृश्यं येणार नाहीत तर कसली येणार? जुनं फुटेज ही त्रुटी राहिलीच नाही. तेच पात्राचं मन झालं.

वस्तू पेरण्याची सवय इथेही आहे. ओसाड कारखान्यातून इचिरो भंगारातले सुटे भाग गोळा करतो. तिथेच त्याला बँकलुटारूचा परवाना सापडतो आणि त्यापायी त्याचं अपहरण होतं. स्वप्नातल्या मिनियाला (गॉडझिलाच्या पिल्लाला) छळणाऱ्या राक्षसाचं नाव गाबारा, आणि गल्लीतल्या दांडगट पोराचंही तेच.

'गायगन'च्या फुटेजची बाजू घ्यायला मात्र मी येणार नाही. तिथे स्वप्नाची सोय नव्हती, त्यामुळे ठिगळं उघडी पडली. तरी खलनायकाची जागा बघा: मुलांसाठीचं थीम पार्क, मधोमध गॉडझिलाच्या आकाराचा मनोरा, आणि पाठीमागे माणसांची कातडी पांघरलेली झुरळं. गॉडझिलाचा धंदा करणारेच शत्रू! ही तोहोच्याच पगारावर लिहिलेली गोष्ट आहे, हे विसरू नका.

खिडकीतिकीट

१९६९च्या चित्रपटाबद्दलचा मुद्दा पटला. स्वप्नाची युक्ती एवढ्या सरळ डोळ्यांसमोर होती तरी त्याकडे आळस म्हणूनच बघितलं जातं. तरी माझा प्रश्न उरतोच. सेकिझावाला गंभीर लिहिता येत होतं का? की जमत नव्हतं म्हणून हसवत होता?

रिळवाला

'अ‍ॅट्रॅगॉन' बघा, डिसेंबर १९६३चा. कप्तान जिंगुजीला युद्ध हरल्याचं मान्यच नाही. वीस वर्षं लपून तो उडणारी, जमीन पोखरणारी पाणबुडी बांधतो. हेतू काय, तर जपानी साम्राज्य परत उभं करणं. सगळ्या जगावर समुद्राखालच्या मू साम्राज्याचं संकट आलंय, आणि हा म्हणतो माझी बोट फक्त जपानसाठी. तिथे फोटोग्राफर सुसुमु त्याला तोंडावर युद्धवेडा म्हणतो. मुलगीही बापाकडे पाठ फिरवते. लक्षात घ्या, पोस्टरवर मिरवायची गोष्ट म्हणजे ती पाणबुडी, खेळणी विकायची तर तिचीच. आणि पटकथा सांगते की ही बोट ज्या विचारातून जन्मली तो विचार सडका आहे. सेकिझावा स्वतः सैनिक म्हणून दक्षिण पॅसिफिकमध्ये होता. त्याच्या पटकथांत बेटं इतकी का आणि बेटवासी नेहमी नाडलेले का, याचा माग तिकडे लागतो.

शेवटही विजयाचा नाही. मूची कैद केलेली सम्राज्ञी जळत्या राज्याकडे पोहत जाते, आणि जिंगुजी तिला अडवत नाही. हरलेल्या साम्राज्याला कवटाळून बसलेली दोन माणसं समोरासमोर, त्यातला एक सुटलाय. हे हलकंफुलकं नाही.

बाकी, या माणसाची सगळ्यात मोठी लोकप्रियता राक्षसांची नाहीच. तो गीतकारही होता. गायिका मिसोरा हिबारीचं ज्युडोवरचं 'यावारा' हे गाणं त्याचं, १९६४ च्या ऑलिंपिकच्या वर्षातलं. त्याला १९६५चा जपान रेकॉर्ड पुरस्कार मिळाला. मियाको हारुमिचं 'नामिदा नो रेनराकुसेन'ही त्याचंच. जपानमधल्या वयस्कर माणसाला 'गिडोराचा लेखक' सांगून काही बोध व्हायचा नाही, 'यावारा' म्हणालात तर लगेच होईल. त्यात वर वाफेच्या इंजिनांचे फोटो काढायचा छंद. एकाच खुंटीला बांधलेला लेखक नव्हता तो, म्हणूनच कदाचित राक्षसांबद्दल त्याच्या मनात किमुरासारखी कडवट धग साचली नाही.

मध्यांतर

'अ‍ॅट्रॅगॉन'चा पहिला तास उत्तम आहे, हे मी पूर्वीही म्हटलं असतं. पण जिंगुजीचं मन कशाने बदलतं बघा. मुलीचं अपहरण. वाद विचारांचा लावला आणि निकाल अपहरणाने लावला. वीस वर्षांचा हट्ट दोन प्रसंगांत वितळतो, कारण बोट वेळेत बाहेर पडायला हवी. किमुराच्या 'ह्युमन व्हेपर'मध्ये असली सोय नाही. ग्रंथपालाची साधी नोकरी करणारा मिझुनो प्रयोगाला बळी पडून वायू होतो, आवडत्या नर्तकीच्या कार्यक्रमासाठी बँका लुटतो, खून करतो. शेवटी भरल्या नाही तर रिकाम्या नाट्यगृहात ती एकट्या त्याच्यासाठी नाचते, आणि सभागृहात सोडलेला गॅस तीच पेटवते. कुणाचं अपहरण नाही, ऐन वेळी मिळालेली चिठ्ठी नाही. दोन माणसांनी जे केलंय त्यातून एकच शेवट निघू शकतो, आणि तोच होतो.

पटकथा म्हणजे रूळ जोडणं असेल तर सेकिझावा उस्ताद, शंभर टक्के. माणूस जसा आहे तसा त्याला शेवटापर्यंत नेणं असेल, तर तोहोत किमुराच्या जवळपास कुणी नव्हतं. गंमत म्हणजे १९६३च्या 'दाइतोझोकु'ला दोघांची नावं एकत्र आहेत, आणि तो समुद्री चाच्यांचा साहसपट दोघांच्याही चांगल्या कामांत मोजला जात नाही.

पडद्यामागे

जिंगुजीचं मनपरिवर्तन घाईत होतं, हे कबूल. पण गॅस पेटवणारी नायिका दर सहा महिन्यांनी लिहिता येत नाही. १९६४मध्ये सेकिझावाने तीन लिहिले, त्यातला 'गिडोरा' तर दिग्दर्शक कुरोसावाचा 'रेड बिअर्ड' वेळेत पूर्ण होत नाही म्हटल्यावर नववर्षाच्या मोसमासाठी घाईने उभा केला. अशा घाईत राजकन्या, मारेकरी, पोलीस भाऊ, पत्रकार बहीण, शुक्रावरची भविष्यवाणी आणि चार राक्षस गुंता न होता ९३ मिनिटांत बसवणं, हेही कसबच.

खिडकीतिकीट

दोघांचं एकेक बघायचं तर कुठून सुरुवात करू? आणि कुठली प्रत?

रिळवाला

'मातांगो' आणि 'अ‍ॅट्रॅगॉन' लागोपाठ बघा. दोन्ही १९६३चे, दोन्ही होंडाचे, एक ऑगस्टचा आणि एक डिसेंबरचा. लेखक सोडून बाकी बरंच सारखं, त्यामुळे फरक कुणामुळे पडतो ते चटकन दिसतं.

प्रत मात्र जपानी संवादांचीच घ्या, खाली सबटायटल्स. अमेरिकन आवृत्त्यांमध्ये नुसते संवाद बदललेले नाहीत. 'किंग काँग विरुद्ध गॉडझिला'त औषध कंपनीचा जाहिरातप्रमुख ताको टीव्ही कार्यक्रमाचं रेटिंग वाढावं म्हणून राक्षस आणायला निघतो, सगळी गोष्ट त्या थट्टेवर उभी. अमेरिकन प्रतीत त्यातलं बरंच कापून मध्ये मध्ये एक वार्ताहर बसवलाय, जो कॅमेऱ्याकडे बघून घडामोडी समजावतो. इफुकुबेचं संगीतही बहुतेक काढलंय. 'गिडोरा'मध्ये राजकन्येच्या तोंडून बोलणारा आत्मा शुक्रावरचा आहे, इंग्रजीत तो मंगळावरचा केला. ती प्रत बघून 'सेकिझावा उथळ' म्हणायचं असेल, तर त्या वार्ताहराचे संवाद लिहिणाऱ्याला म्हणा.

मध्यांतर

यावर मात्र एकमत. 'मोथ्रा विरुद्ध गॉडझिला'ही जपानीतच बघा. किनाऱ्याला लागलेलं महाकाय अंडं धंदेवाला कोंबडीच्या अंड्याच्या भावाने हिशेब करून कोळ्यांकडून विकत घेतो, तो प्रसंग सेकिझावाचा सर्वोत्तम आहे. अख्ख्या चित्रपटात कासाईच्या कासवाच्या अंड्यांची बरोबरी करणारा तेवढा एकच.

पडद्यामागे

एक तरी मान्य केलात. त्याच चित्रपटात सतत उकडलेली अंडी खात बसणारा वार्ताहर नाकामुराही बघा, आणि त्याला ते काम कुठल्या प्रसंगात दिलंय ते तपासा. मग 'तेवढा एकच' मागे घ्यावं लागेल.